मायनर लीगच्या पिचरची नोकरी नेमकी कशी असते?

२०२३ च्या ऑक्टोबरात मुंबईत आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचं अधिवेशन भरलं होतं. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये क्रिकेट घ्यायचं हे तिथेच ठरलं आणि आपल्याकडे त्याचे मोठे मथळे झाले. त्याच यादीत बेसबॉलही होता, त्याची फारशी चर्चा झाली नाही. दोन महिन्यांनी बेसबॉल बातम्यांत आला तो शोहेई ओहतानी या जपानी खेळाडूमुळे. लॉस एंजेलिस डॉजर्स संघाने त्याच्याशी दहा वर्षांसाठी ७० कोटी डॉलरचा करार केला होता.

तेव्हापासून आपल्याकडे बेसबॉलपटू म्हटलं की गडगंज माणूस डोळ्यांसमोर येतो. अमेरिकेत पगार घेऊन बेसबॉल खेळणाऱ्या बहुतेकांची गोष्ट फार निराळी आहे. ते ‘मायनर लीग’मध्ये, म्हणजे सर्वोच्च ‘मेजर लीग’च्या खालच्या पायऱ्यांवर, खेळतात आणि त्यातले निम्म्याच्या आसपास पिचर, म्हणजे चेंडू फेकणारे, असतात. त्यांचा पगार, त्यांचा करार आणि त्यांचं कोपर या तीन गोष्टी एकमेकींत कशा अडकल्या आहेत ते नीट समजून घ्यावं असं मला फार वाटतं. त्यांना वर्षानुवर्षं मिळालेली वागणूक खेळाच्या ओघात आपोआप ठरलेली नव्हती. कायद्याने आणि करारांनी ती ठरवून दिली होती.

पिचर करतो काय?

क्रिकेटचा गोलंदाज धावत येतो आणि हात सरळ ठेवून चेंडू टाकतो. पिचर एका छोट्या उंचवट्यावर उभा राहतो आणि कोपर वाकवून, झटक्याने सरळ करत चेंडू फेकतो. आपल्याकडे ज्याला ‘चकिंग’ म्हणून नो-बॉल मिळेल, तीच तिथली रीत. चेंडूचा टप्पा पडत नाही. अंतर ६० फूट ६ इंच, म्हणजे साडेअठरा मीटरच्या आत.

फलंदाजाच्या गुडघ्यापासून छातीपर्यंतच्या एका काल्पनिक चौकटीतून चेंडू गेला, किंवा फलंदाजाने बॅट फिरवूनही तो हुकला, तर तो ‘स्ट्राइक’. तीन स्ट्राइक झाले की फलंदाज बाद. चौकटीबाहेरचे चार चेंडू सोडले की फलंदाजाला पहिला तळ (बेस), म्हणजे धावेच्या वाटेवरचा पहिला टप्पा, फुकट मिळतो, त्याला ‘वॉक’ म्हणतात. सामना नऊ इनिंगचा असतो, प्रत्येक इनिंगमध्ये दोन्ही संघांचे तीन-तीन बळी. नऊ इनिंगमागे पिचरच्या नावावर सरासरी किती धावा लागतात तो आकडा म्हणजे ‘ईआरए’. तो जितका कमी तितका पिचर चांगला.

आकडा दिसतो तितका सरळ मात्र नाही. न्यू मेक्सिको राज्यातलं अल्बुकर्की शहर समुद्रसपाटीपासून दीड हजार मीटरहून उंच आहे. तिथल्या विरळ हवेत चेंडू कमी वळतो आणि फटका लांब जातो. तिथे खेळणाऱ्या पिचरचा ईआरए फुगतो, त्याच ताकदीचा दुसरा पिचर समुद्राकाठच्या मैदानावर झकास दिसतो. म्हणून संघ आता चेंडूचा वेग, तो स्वतःभोवती मिनिटाला किती फिरतो, हवेत किती इंच सरकतो हे कॅमेऱ्यांनी आणि रडारने मोजतात आणि बढती ठरवताना त्याला बरंच वजन देतात.

पायऱ्या किती?

मेजर लीगचे ३० संघ आहेत. प्रत्येकाच्या हाताखाली मायनर लीगचे चार संघ असतात, खालून वर सिंगल-ए, हाय-ए, डबल-ए आणि ट्रिपल-ए. झाले १२० संघ. २०२० पर्यंत ते १६० होते, २०२१ मध्ये मेजर लीगने छाटणी केली. या चारांच्याही खाली फ्लोरिडा आणि ॲरिझोनातल्या सराव-संकुलांत नवख्यांच्या लीग चालतात आणि डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये उन्हाळी लीग असते.

आता वरची जागा पाहू. मेजर लीग संघात एका वेळी २६ खेळाडू असतात आणि हंगामातल्या बहुतेक काळात त्यांत जास्तीत जास्त १३ पिचर चालतात. तीस संघांचे मिळून जगभरात ३९० पिचर. खालच्या पायऱ्यांवर, सगळे खेळाडू धरले तर, पाच हजारांहून जास्त जण आहेत. दर वर्षी जुलैमध्ये ‘ड्राफ्ट’ होतो. संघ पाळीपाळीने शाळा-कॉलेजांतले खेळाडू निवडतात, अशा वीस फेऱ्या चालतात. सहाशेहून जास्त नवी मुलं या गर्दीत येतात, आणि वरच्या जागा तेवढ्याच राहतात.

नवख्यांच्या पायरीवरून सिंगल-एला येणं फार अवघड नसतं. खरी गाळणी डबल-एला लागते, असं या खेळातले लोक सांगतात. तिथल्या फलंदाजाला नुसता वेग पुरत नाही, तो दुसऱ्या खेपेला वेगाची नाडी ओळखतो. पिचरकडे वेगवान चेंडूखेरीज बाजूला सरकणारा ‘स्लायडर’ आणि त्याच हाताच्या हालचालीतून निघणारा हळू ‘चेंजअप’ असावा लागतो. तिसरा चेंडू जमला नाही, तर सामना सुरू करणारा पिचर हळूहळू एक-दोन इनिंगपुरता येणारा ‘रिलीव्हर’ होतो. बऱ्याच कारकिर्दींना इथे वळण लागतं.

हात पिचरचा, हक्क संघाचा

आपल्याकडचा मुलगा विचारेल, एका संघात संधी मिळत नसेल तर दुसरीकडे का जात नाही? उत्तर असं की त्याला जाता येत नाही. २०२३ पर्यंत पहिल्या करारानंतर खेळाडू सात हंगाम त्याच संघाला बांधलेला असे. आता एकोणिसाव्या वर्षी किंवा त्यानंतर सही करणाऱ्यांसाठी ते सहा झाले आहेत. या काळात संघ त्याला वर चढवू शकतो, खाली पाठवू शकतो, दुसऱ्या संघाला देऊन टाकू शकतो किंवा एका दिवसात काढून टाकू शकतो. त्याने स्वतः निघायचं म्हटलं तर खेळ सोडण्याखेरीज फारसा मार्ग नसतो.

वर गेलेल्यालाही निवांतपणा नाही. मेजर लीग संघाच्या मोठ्या यादीत ४० नावं असतात, त्यातली २६ वर खेळतात. उरलेल्यांना संघ ‘ऑप्शन’ वापरून ट्रिपल-एला पाठवतो. असा अधिकार तीन हंगाम वापरता येतो आणि २०२२ पासून एका हंगामात जास्तीत जास्त पाचदा. खाली पाठवलेला पिचर एरवी पंधरा दिवस परत बोलावता येत नाही. त्यामुळे थकलेल्या रिलीव्हरला खाली धाडायचं आणि खालून ताज्या दमाचा आणायचा, असा खेळ हंगामभर चालतो. ऑप्शन शिल्लक असणं संघाच्या सोयीचं, म्हणून कधीकधी चांगला खेळणाराही खाली जातो.

ही ये-जा पैशांत मोजली की तिचं वजन कळतं. २०२३ मध्ये मेजर लीगचा किमान पगार वर्षाला ७,२०,००० डॉलर होता आणि तो दिवसांच्या हिशेबाने मिळतो. ट्रिपल-एचा वर्षाचा किमान पगार ३५,८०० डॉलर. वरचे नऊ-दहा दिवस म्हणजे खालचं एक वर्ष. शिवाय मेजर लीगच्या यादीत ४३ दिवस भरले की निवृत्तिवेतनाचा हक्क लागू होतो. चाळीस दिवसांवर खाली पाठवलेल्या माणसाला पुढच्या बोलावण्याची वाट पाहताना काय वाटत असेल, ते समजायला बेसबॉल कळावा लागत नाही.

या बांधणीतून सुटकेची एक खिडकी आहे. काही वर्षं खाली ठेवलेल्या पण ४० च्या यादीत न घेतलेल्या खेळाडूला डिसेंबरच्या ‘रूल ५ ड्राफ्ट’मध्ये दुसरा संघ उचलू शकतो. अट अशी की त्याला पुढचा पूर्ण हंगाम मेजर लीगमध्येच ठेवायचं. १९९९ मध्ये ह्यूस्टनने असा मोकळा सोडलेला डावखुरा योहान सांताना मिनेसोटाकडे गेला आणि त्याने २००४ व २००६ मध्ये सर्वोत्तम पिचरचा साय यंग पुरस्कार मिळवला.

‘चार-पाच महिन्यांची तर नोकरी, पगार कमी असणारच’

मालकांचा युक्तिवाद बरीच वर्षं हाच होता, आणि मला तो कधीच पटला नाही. २०२२ मध्ये सिंगल-एच्या खेळाडूला वर्षाचे सुमारे ११,००० डॉलर मिळत. त्या वर्षी अमेरिकी सरकारने एकट्या माणसासाठी ठरवलेली दारिद्र्यरेषा १३,५९० डॉलर होती. पगार फक्त हंगामाचा. मार्चमधल्या सराव शिबिरात हजेरी सक्तीची, पण पगार नाही, जेवणखाणाचा भत्ता तेवढा. हिवाळ्यात वजन उचलायचं, हात तयार ठेवायचा, तेही बिनपगारी. घर स्वतः शोधायचं. एका भाड्याच्या घरात पाच-सहा जण, जमिनीवर हवेच्या गाद्या, ही सर्रास गोष्ट होती. संघाने घर द्यायला सुरुवात केली ती २०२२ पासून.

हे चाललं कसं? अमेरिकेत किमान वेतनाचा कायदा १९३८ पासून आहे. पण १९२२ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने बेसबॉलला मक्तेदारीविरोधी कायद्यातून सूट दिली. एरवी कंपन्यांनी एकत्र बसून कामगारांचे दर आणि अटी ठरवल्या तर खटला होतो, बेसबॉलचे मालक मात्र ते करू शकत. १९९८ मध्ये संसदेने ही सूट मेजर लीगच्या खेळाडूंपुरती मोडली आणि मायनर लीगवाल्यांना स्पष्ट शब्दांत बाहेर ठेवलं. वरच्यांची संघटना होती, खालच्यांची नव्हती.

इथे गॅरेट ब्रोशुइसची गोष्ट सांगायलाच हवी. मिसूरी विद्यापीठाचा हा पिचर. २००४ मध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्सने त्याला घेतलं. सहा हंगाम तो खालच्या पायऱ्यांवर खेळला, मेजर लीगमध्ये त्याला एकदाही चेंडू टाकायला मिळाला नाही. खेळ सुटल्यावर तो कायदा शिकला, वकील झाला आणि २०१४ मध्ये तीन माजी खेळाडूंच्या नावाने त्याने मेजर लीगवर किमान वेतनाचा खटला भरला.

मालकांनी संसदेचा रस्ता धरला. मार्च २०१८ मध्ये सरकारी खर्चाचं २,२३२ पानांचं विधेयक मंजूर झालं. त्याच्या पोटात एक छोटं कलम होतं, ज्याने मायनर लीगचे खेळाडू किमान वेतन आणि जादा कामाच्या नियमांतून बरेचसे वगळले गेले. त्या कलमाला नाव दिलं होतं ‘अमेरिकेचा आवडता खेळ वाचवा’ अशा अर्थाचं. खटला तरी चालू राहिला. मार्च २०२२ मध्ये न्यायाधीशांनी म्हटलं की हे खेळाडू वर्षभराचे कर्मचारी आहेत आणि सरावही काम आहे. त्याच उन्हाळ्यात मेजर लीगने १८.५ कोटी डॉलर देऊन तडजोड केली. सप्टेंबर २०२२ मध्ये मायनर लीगचे खेळाडू मेजर लीगच्या खेळाडूंच्या संघटनेत सामील झाले आणि २०२३ च्या वसंतात त्यांचा इतिहासातला पहिला सामूहिक करार झाला. ट्रिपल-एचा पगार १७,५०० वरून ३५,८०० वर गेला, डबल-एचा १३,८०० वरून ३०,२५० वर, सिंगल-एचा ११,००० वरून २६,२०० वर. आता हंगामाबाहेरच्या आठवड्यांचेही पैसे मिळतात.

ज्याला खेळाने वर घेतलं नाही, त्याने हे घडवून आणलं. ब्रोशुइसच्या कारकिर्दीचं मोल ईआरएत मोजता येणार नाही, असं मी मानतो.

‘पण सही करताना लाखो डॉलर मिळतात ना?’

काहींना मिळतात. २०२३ च्या ड्राफ्टमध्ये पहिला निवडला गेलेला पिचर पॉल स्कीन्स याला पिट्सबर्ग पायरेट्सने ९२ लाख डॉलर दिले. वर्षाच्या आत, मे २०२४ मध्ये, तो मेजर लीगमध्ये होता. यादीच्या दुसऱ्या टोकाला कॉलेजचं चौथं वर्ष संपवून आलेला मुलगा असतो. त्याला शिक्षणाकडे परत जाण्याचा धाक घालता येत नाही, म्हणून तो काही हजार डॉलरवर सही करतो. दोघे एकाच गणवेशात एकाच बसमध्ये बसतात. मोठा बोनस घेतलेल्याला संघ चुका करायला वेळ देतो, कारण पैसे गुंतले आहेत. हजार डॉलरवाल्याचे दोन वाईट महिने पुरेसे ठरतात.

कोपर

कोपराच्या आतल्या बाजूला दंडाचं हाड आणि हाताचं हाड बांधून ठेवणारा एक अस्थिबंध असतो. पिचरचा हात मागून पुढे येताना सगळा ताण त्यावर येतो. तो फाटला की पूर्वी कारकीर्द संपे. २५ सप्टेंबर १९७४ रोजी लॉस एंजेलिसमध्ये डॉ. फ्रँक जोब यांनी टॉमी जॉन या डावखुऱ्या पिचरच्या उजव्या हातातली एक कंडरा काढून ती डाव्या कोपरात बसवली. जॉन १९७६ मध्ये परतला, १९८९ पर्यंत खेळला आणि शस्त्रक्रियेनंतर त्याने १६४ सामने जिंकले. आज ही शस्त्रक्रिया त्याच्याच नावाने ओळखली जाते.

म्हणजे प्रश्न सुटला, असं वाटेल. झालं उलटं. परतायला बारा ते अठरा महिने लागतात, आणि मेजर लीगवाल्याला ते परवडतं. मायनर लीगच्या तेविशीतल्या पिचरचे दोन हंगाम त्यात जातात, तोवर खालून दोन ड्राफ्टची मुलं आलेली असतात. दुसरीकडे वेगाची मागणी वाढतच आहे. मेजर लीगने डिसेंबर २०२४ मध्ये स्वतःच प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार वेगवान चेंडूचा सरासरी वेग २००८ मध्ये ताशी ९१.३ मैल होता, २०२४ मध्ये ९४.२ झाला, म्हणजे साधारण १४७ किलोमीटरवरून १५२. जास्तीत जास्त जोर लावून फेकण्याची पद्धत दुखापतींमागे आहे, असंही त्यात म्हटलं आहे. खालच्या पिचरची कोंडी इथे होते. हात जपून फेकला तर रडारवर आकडा दिसत नाही आणि बढती मिळत नाही. आकडा दाखवला तर कोपर धोक्यात येतं. तिसरा रस्ता त्याला कुणी दाखवलेला नाही.

‘इतकं असेल तर सोडून का देत नाहीत?’

पुण्यात सदाशिव पेठेत खोली घेऊन राहणारी, एमपीएससीचा अभ्यास करणारी मुलं आठवा. पूर्व परीक्षा निघाली, मुख्य थोडक्यात हुकली, आता एक वर्ष आणखी. जवळ आल्यासारखं वाटतं म्हणून सोडवत नाही. पिचरचंही तसंच असतं. फरक एवढा की अभ्यास करणाऱ्या मुलाच्या अभ्यासावर कुणी तिकीट लावत नाही. पिचर वाट पाहतो तेव्हाही त्याचा सामना बघायला लोक पैसे देतात.

स्टीव्ह डॅल्कोव्स्की हे नाव बेसबॉलमध्ये अजूनही हलक्या आवाजात घेतलं जातं. कनेक्टिकट राज्यातल्या न्यू ब्रिटन गावचा हा मुलगा १९५७ मध्ये बाल्टिमोर ओरिओल्सच्या खालच्या संघात आला. ज्यांनी त्याला पाहिलं त्यांतले अनेक म्हणत की इतका वेगवान चेंडू त्यांनी दुसऱ्या कुणाचा पाहिला नाही. १९६० च्या हंगामात त्याने १७० इनिंगमध्ये २६२ फलंदाज स्ट्राइकवर बाद केले आणि तेवढ्याच, २६२, जणांना वॉक दिले. चेंडू कुठे जाईल याचा त्यालाच भरवसा नसे. १९६२ मध्ये अर्ल वीव्हर या प्रशिक्षकाने त्याला सांभाळून घेतलं आणि चेंडू चौकटीत पडू लागले. १९६३ च्या वसंतात तो मेजर लीग संघात जाणार असं दिसत असतानाच सराव सामन्यात त्याचं कोपर गेलं. टॉमी जॉनवरची शस्त्रक्रिया तेव्हा अकरा वर्षं दूर होती. पुढे तो दारूच्या आहारी गेला, कॅलिफोर्नियात शेतमजुरी करत राहिला. २०२० च्या एप्रिलमध्ये कोविडने तो वारला. मेजर लीगचा एकही अधिकृत सामना त्याच्या नावावर नाही.

दुसरी बाजूही आहे, आणि तीच मुलांना टिकवून धरते. मेरिल केली ट्रिपल-एपर्यंत पोचून अडकला, तेव्हा तो दक्षिण कोरियात गेला आणि तिथे चार हंगाम खेळला. २०१९ मध्ये तिशी गाठल्यावर ॲरिझोनाकडून त्याने मेजर लीगचा पहिला सामना खेळला. २०२३ च्या वर्ल्ड सिरीजमधला, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम मालिकेतला, दुसरा सामना त्याने सात इनिंग टाकून जिंकून दिला.

दोन भारतीय हात

२००८ मध्ये ‘मिलियन डॉलर आर्म’ नावाची स्पर्धा भारतात झाली. लखनौच्या क्रीडा महाविद्यालयात भाला फेकणारे रिंकू सिंह आणि दिनेश पटेल त्यातून निवडले गेले. बेसबॉल त्यांना ठाऊकही नव्हता. काही महिन्यांच्या सरावानंतर पायरेट्सने दोघांशी करार केला आणि २००९ मध्ये दोघे फ्लोरिडातल्या नवख्यांच्या लीगमध्ये खेळले. दिनेशला २०१० मध्ये मोकळं केलं गेलं. डावखुरा रिंकू २०१२ मध्ये सिंगल-एपर्यंत चढला, मग त्याच्या कोपरावर टॉमी जॉन शस्त्रक्रिया झाली आणि तो पुन्हा ती उंची गाठू शकला नाही. पुढे तो व्यावसायिक कुस्तीत वीर महान या नावाने ओळखला गेला. आपल्याकडे त्यांची गोष्ट गंमत म्हणून सांगितली जाते, ते मला खटकतं. परक्या देशात, परक्या भाषेत, विशीत शिकलेल्या खेळात सिंगल-ए गाठणं किती मोठं काम आहे, हे वरच्या पायऱ्या पाहिल्यावर कळावं.

‘आता पगार वाढला, मग अडचण कुठे आहे?’

पगारवाढीबरोबर एक किंमतही आली. एका संघाला अमेरिकेतल्या यादीत पूर्वी १८० मायनर लीग खेळाडू ठेवता येत, २०२४ पासून १६५. तीस संघांचे मिळून ४५० जागा गेल्या. करार २०२७ च्या हंगामापर्यंत आहे आणि तोवर १२० संघांत आणखी कपात करणार नाही, असं मेजर लीगने मान्य केलं आहे.

आणि काही पिचर या कराराच्या बाहेरच राहिले. डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये सर्व तीस मेजर लीग संघांची प्रशिक्षण केंद्रं आहेत. तिथे सोळाव्या-सतराव्या वर्षी मुलं सही करतात आणि तिथल्या उन्हाळी लीगमध्ये खेळतात. मेजर लीगच्या हंगामाच्या पहिल्या दिवशी त्या छोट्या देशात जन्मलेले शंभराच्या आसपास खेळाडू मैदानात असतात, आणि त्यातले कितीतरी याच रस्त्याने आलेले. पण २०२३ चा करार अमेरिकेत खेळणाऱ्यांपुरता झाला. डॉमिनिकन लीगमधल्या मुलांना ना ती संघटना आहे, ना ते पगार.